घर उष्टं करायचा दिवस

साखरेचा डबा पुन्हा पडला. मघाशी पडला तेव्हा झाकण घट्ट होतं म्हणून नुसता आवाज झाला. या वेळी झाकण उडालं आणि साखर ओट्यावरून फरशीवर, फरशीवरून थेट त्या कडेपर्यंत गेली जिथं खोली संपते आणि स्टुडिओची सिमेंटची जमीन सुरू होते. खिडकीबाहेर उलट्या बादलीवर बसलेली भिंतबाई एकदम पुढं वाकली. डब्यामुळे नाही. डबे पडावेत म्हणूनच तर आजचा दिवस होता. वाकली ती आतल्या बाईनं नंतर जे केलं त्यामुळे. ती दचकली नाही, ओशाळून कुणाकडे बघितलं नाही. डावं कोपर तिनं उजव्या हातानं एकदा चोळलं आणि मुकाट्यानं खाली बसून साखर भरायला लागली. हे चोळणं भिंतबाईनं कुठंतरी बघितलं होतं. पडद्यावर नाही. कुठं ते आठवेना, आणि आठवत नाही म्हटल्यावर दातात काहीतरी अडकल्यासारखं ते तिला छळायला लागलं.

तिला भिंतबाई हे नाव धंद्यानं दिलं होतं. एकोणीस वर्षांची होती तेव्हा ती सिनेमाच्या खोट्या भिंती रंगवायची. रंगवायची म्हणजे खराब करायची. नव्याकोऱ्या प्लायवूडवर ओल आणायची, पोपडे काढायची, डोकी टेकून टेकून झालेला तेलकट डाग कॉटच्या वर बरोबर बसलेल्या माणसाच्या उंचीवर उठवायची. असल्या कामाला कुणी बक्षीस देत नाही. बक्षिसं राजवाड्यांना मिळतात, झुंबरांना मिळतात, ज्या जिन्यावरून नटी साडी सावरत उतरते त्या जिन्याला मिळतात. तेलकट डागाला कोण विचारतो? पण तिला त्या डागाचंच वेड. डाग काढता काढता तिला दिसायला लागलं, की या खोलीत हा माणूस राहूच शकत नाही. एकदा तिनं ते भर सेटवर बोलून दाखवलं. हिरोची गरीब आई म्हणून एक बाई आणली होती, नखं रंगवलेली, पाठ ताठ, मोलकरणीशिवाय एक दिवस काढला नसेल अशी. भिंतबाई हातातला ब्रश तसाच धरून म्हणाली, "खोली बदला नाहीतर बाई बदला. दोघी एका घरातल्या नाहीत." तिला त्याच दिवशी हाकललं. हाकललं म्हणून बोभाटा झाला, बोभाटा झाला म्हणून दुसऱ्या कुणीतरी बोलावलं, आणि मग ती दोन्ही करायला लागली: घर बांधायचं आणि त्या घरात राहणारी माणसंही शोधायची. चेहरे शोधणाऱ्याचं नाव पडद्यावर येतं तेव्हा लोक खुर्चीखाली चपला शोधत असतात. शोधू देत. आपण लावलेल्या घरात आपण निवडलेली बाई पहिल्यांदा पदराला हात पुसते तेव्हा जे वाटतं, ते त्या बक्षीसवाल्यांच्या सात पिढ्यांना कळायचं नाही, असं ती मिस्त्रीला म्हणायची. मिस्त्री, म्हणजे तिचा जुना सुतार, तोंडातले खिळे न काढता "हं" म्हणायचा.

आणि तिचा एक नियम होता, ज्याच्यावरून प्रत्येक सिनेमात भांडण व्हायचं. शूटिंगच्या आदल्या दिवशी घर उष्टं करायचं. म्हणजे नटांनी सकाळी येऊन त्या घरात दिवसभर राहायचं. कॅमेरा नाही, लाइट नाही, संवाद नाहीत. नळाला खरं पाणी, शेगडीला खरा गॅस. स्वयंपाक करा, जेवा, लोळा, भांडा, काहीतरी सांडा. कोऱ्या ताटात जेवलेलं पडद्यावर कळतं, हा तिचा हेका. मॅनेजर दर वेळी कपाळाला हात लावायचा, "मॅडम, अख्खा दिवस? जेवायला?" आणि ती म्हणायची, "हो, जेवायला. तुम्ही काय हवेवर जगता?"

तर आज तो दिवस होता, आणि घर उष्टं होत नव्हतं. तसं नवरा झालेला नट सकाळीच कॉटवर आडवा होऊन घोरायला लागला होता, मुलगी झालेली पोरगी खिडकीच्या गजाला पाय लावून पेन्सिल चावत होती. ती दोघं कधीच घरची झाली होती. होत नव्हती ती आई. आणि सिनेमा आईचा होता. जवळजवळ अख्खा सिनेमा त्या ओट्यापाशी घडणार होता. आई झालेली बाई धंद्यात आवाजबाई म्हणून ओळखली जायची, कारण उभा जन्म तिनं दुसऱ्या नट्यांच्या तोंडात आपला आवाज घालण्यात घालवला होता. रडायची ही, रुमाल त्यांचा भिजायचा. वय पन्नासच्या आतबाहेर, चेहरा कुणी न बघितलेला, म्हणूनच कोरा, म्हणूनच भिंतबाईला हवासा. तिनं घरातूनच मोबाइलवर स्वतःचा व्हिडिओ काढून पाठवला होता, कांदा चिरताना मुलीशी बोलते असा. तो बघून भिंतबाई एकटीच खोलीत ओरडली होती, "अरे, हीच!" डायरेक्टर म्हणाला होता, "मावशी, कोण ओळखतं हिला?" "तुझ्या आईला कोण ओळखतं?" असं म्हणून तिनं त्याला गप्प केलं होतं. तो तिशीतला पोरगा, हुशार, घाबरट, त्याचा हा दुसराच सिनेमा. पहिला पडला होता.

आता तोच डायरेक्टर खिडकीपाशी येऊन तिच्या बादलीशेजारी उकिडवा बसला. आत आवाजबाई बटाटा चिरत होती. चिरत कसली, अंग चोरून त्याच्याशी मारामारी करत होती. "मावशी," तो हळू म्हणाला, "आवाज आहे. डोळे आहेत. पण बाईला हात नाहीत हो. सकाळपासून तीन वस्तू फोडल्या. अशी अवघडून उभी आहे, जशी कुणाच्या घरी पाहुणी आलीय. ही वीस वर्षं या ओट्यापाशी उभी आहे, हे कोण मानेल?"

"नवीन घर आहे. लागेल तिला."

"संध्याकाळपर्यंत बघतो. नाहीतर मोठ्या बाईंना विचारलंय, त्या उद्या मोकळ्या आहेत."

मोठ्या बाई म्हणजे ज्यांनी आयुष्यात चहा फक्त पडद्यावर केला, तोही रिकाम्या पातेल्यात. भिंतबाईला एक सणसणीत शिवी आठवली, ती तिनं गिळली, कारण पोरगा खोटं बोलत नव्हता. बाईला खरंच हात नव्हते. म्हणजे आपला डोळा गेला का? साठी आली, डॉक्टरनं सांगितलेला मोतीबिंदू आता या दुसऱ्या डोळ्यावर आला का, ज्यानं माणसं दिसतात? आवाजबाईला काढलं तर ती पुन्हा त्या डबिंगच्या काचेच्या खोलीत जाईल, कानावर हेडफोन लावून मोठ्या बाईंच्या तोंडात रडेल. कदाचित याच सिनेमात. हे असलं कुणाच्या मनातही येणार नाही, पण मॅनेजरच्या नक्की येईल. भिंतबाई आत बघत राहिली. ओटा सुरेख झाला होता. डाव्या अंगाला भिंत, भिंतीला लागून डब्यांची मांडणी, समोर चिरायची जागा, उजवीकडे शेगडी, तिच्या पलीकडे सिंक. हे तिनं कुठल्या पुस्तकातून काढलं नव्हतं. हा तिच्या आईचा ओटा होता. लहानपणीच्या दोन खोल्यांतला, बाबांनी स्वतःच्या हातानं बांधलेला. स्वतः उभं राहून त्यांनी माप घेतलं होतं, सुरी हातात धरून हवेत चिरून बघितलं होतं, आणि येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायचे, "बघा, सगळं कसं हाताशी आहे." ज्या माणसानं जन्मात पाणी तापवून घेतलं नाही, त्याच्या हाताशी. आई काही बोलली नाही. आई फोडायची. कप, बशी, बरणी, जे येईल ते. घरात काही खळ्ळ् झालं की बाबा पेपरातून डोकं न काढता म्हणायचे, "झाला का श्रीगणेशा?" आणि दादा हसायचा, शेजारच्या काकू हसायच्या, तीही हसायची. धांदरट. आईचं दुसरं नाव असल्यासारखं. पाहुणे आले की काचेचे ग्लास आईच्या हातात द्यायचे नाहीत, हे घरातल्या मांजरालासुद्धा ठाऊक होतं. आई हसायची, खाली बसून काचा वेचायची, आणि त्याआधी, नेहमी त्याआधी, उजव्या हातानं डावं कोपर…

भिंतबाई बादलीवरून ताडकन उठली. बादली आडवी होऊन गडगडत गेली. कॉटवरचा नवरा जागा होऊन "काय झालं?" म्हणाला. आत आवाजबाईच्या हातात सुरी होती. डाव्या हातात. सकाळपासून डाव्या हातातच होती. आणि प्रत्येक कापासरशी तिचं डावं कोपर मागे येत होतं आणि भिंतीवर, मांडणीवर, डब्यावर आपटत होतं.

व्हिडिओत तर उजव्या हातानं चिरत होती! भिंतबाईनं पर्समधून मोबाइल काढला, तो व्हिडिओ लावला, आणि मग बाईच्या मागच्या कॅलेंडरवरचे आकडे तिला उलटे दिसले. मोबाइलचा पुढचा कॅमेरा आरशासारखं दाखवतो, हे तिनं ऑडिशनला येणाऱ्या पोरापोरींना हजारदा सांगितलं असेल. स्वतः बघताना फक्त चेहरा बघितला. आणि पुढं प्रत्यक्ष भेटली तेव्हा? तेव्हा तिनं डाव्या हातात कप धरला होता आणि भिंतबाईला ते धरणं इतकं आवडलं होतं की हात कुठला हे बघायचं राहूनच गेलं. माणूस निवडणारी ती, घर बांधणारी ती. या दोघी एकाच पातळात वावरत होत्या आणि एकमेकींना चकार शब्द बोलल्या नव्हत्या. दुसऱ्या कुणाच्या सेटवर दोन डोकी असती, भांडली असती, कळलं असतं. अशी चूक करायलासुद्धा जन्म घालवावा लागतो, असं तिच्या मनात आलं आणि तिला हसू फुटलं. पण हसू त्या चुकीचं नव्हतंच. ते खालून, कुठून तरी बेंबीच्या देठापासून येत होतं. आईच्या डाव्या कोपरावर कायम एक निळा डाग असायचा. शाईचा नाही, माराचा नाही, बाबांनी कधी बोट लावलं नाही. लोक म्हणत, हिला रक्ताचा काहीतरी दोष असेल. दोष! ओट्याला होता दोष, ओट्याला! आई धांदरट नव्हतीच. आई नुसती डावखुरी होती.

तिनं तिथल्या तिथं दादाला फोन लावला. दादा दुपारचा झोपलेला. "दादा, आई कुठल्या हातानं चिरायची?"

"काय?"

"चिरायची, चिरायची. भाजी. कुठल्या हातानं?"

"तुझी तब्येत बरी आहे ना? मला काय माहीत! मी कशाला हात बघतोय?"

"आठव ना."

पलीकडून कॉट करकरली. मग तो म्हणाला, "लिहायची उजव्या हातानं. शाळेत मारून मारून सवय लावली होती म्हणे. पण मला चापट मारायची ना, ती नेहमी इकडून यायची. उजव्या गालावर. समोर उभी राहून उजव्या गालावर, म्हणजे…" मग एकदम ओरडला, "अगं, म्हणजे…"

"तेच तर!" म्हणून तिनं फोन ठेवला. इतक्या वर्षांनी आई निर्दोष सुटली होती आणि ही बातमी सांगायला बाबा नव्हते, आईही नव्हती, शेजारच्या काकूही गेल्या होत्या. रडावं असं काहीतरी हे आहे, हे तिला समजत होतं. पण रडू येईना. उलट अंगात असं काही वारं शिरलं होतं की कुणाला तरी उचलून गरागरा फिरवावं. सगळा राग, जो तिनं आयुष्यभर राजवाड्यांवर, झुंबरांवर, मोठ्या बाईंच्या नखांवर काढला होता, तो मुळात कुणावर होता, हे आता कळलं, आणि कळल्याबरोबर तो कामाला लावावासा वाटला.

ती दारातून आत गेली. आवाजबाई सुरी खाली ठेवून हात पुसायला लागली. "पडतायत हो वस्तू," ती म्हणाली, "पण उद्या नाही पडणार. उजव्या हातानंही जमतं मला थोडंथोडं. रात्री घरी सराव करीन."

"सकाळीच का नाही सांगितलंत?"

"काय सांगायचं?"

"डावखुऱ्या आहात म्हणून!"

आवाजबाई जरा गोंधळली. "त्यात सांगायचं काय? सगळीकडं असंच असतं की. माझ्या घरीही असंच आहे. सासरी होतं, माहेरीही होतं. सवय असते आपल्याला." आणि मग, मोठ्यानं हसत, "मला वाटलं, कोपर आपटणं म्हणजेच स्वयंपाक."

भिंतबाईनं तिच्या दोन्ही दंडांना धरलं, आणि वळून आरोळी ठोकली, "मिस्त्री! ओटा फिरवायचा!"

मिस्त्रीनं तोंडातले खिळे हातावर काढले. म्हणजे प्रकरण गंभीर होतं. "कुठं फिरवायचा, ताई?"

"आरशात. इकडचं सगळं तिकडं. भिंत तिकडं, मांडणी तिकडं, सिंक इकडं, खिडकी पण तिकडं. आपण आरशात बघितलं होतं, आता आरसा काढायचा."

मग जो काही दंगा झाला! मॅनेजर धावत आला, कॅमेरामन धावत आला, डायरेक्टर दोघांच्या मागून आला. कॅमेरामन म्हणाला, त्यानं खिडकीचा उजेड ठरवून लाइट टांगलेत, आता ते सगळे उतरवायचे का? मॅनेजर म्हणाला, "मॅडम, एका बाईच्या कोपरासाठी अख्खं घर फिरवायचं? त्यापेक्षा बाई बदलणं सोपं."

"तेच आजवर सगळ्यांनी केलंय," भिंतबाई म्हणाली. "घर तसंच ठेवायचं आणि बाईला नावं ठेवायची. माझ्या सेटवर नाही. संध्याकाळपर्यंत वेळ या डायरेक्टरनंच दिलाय ना? मग बाजूला व्हा. नाहीतर ती फळी धरा तिकडून."

"पण…"

"फळी धरा!"

मॅनेजरनं फळी धरली. घाबरून धरली असेल, पण धरली. खऱ्या घराची भिंत हलवायला माणसाचे दोन जन्म जातात. इथं चार पाचरी काढल्या की भिंत आपल्या पायानं चालायला लागते. भिंतबाई मधोमध उभी राहून हात हलवत होती आणि तिच्या आईचं स्वयंपाकघर तिच्याभोवती फिरत होतं: ओटा उचलला गेला, मांडणी डब्यांसकट खोली ओलांडून गेली, नळाची रबरी नळी सापासारखी वळवळत दुसऱ्या भोकातून आत आली आणि मॅनेजरच्या पँटवर पिचकारी सोडून गप्प झाली. मुलगी झालेली पोरगी टाळ्या वाजवत होती. नवरा झालेला नट कॉटसकट उचलला गेला तरी उतरला नाही. मिस्त्री ठोकता ठोकता काहीतरी गुणगुणत होता, त्याचं गाणं तिनं आजवर कधी ऐकलं नव्हतं कारण तोंडात नेहमी खिळे. जिथं ओल रंगवली होती ती आता उलट्या कोपऱ्यात गेली. तिनं ब्रश घेऊन पाच-सात फटकाऱ्यांत ती पुसली आणि नव्या कोपऱ्यात, सिंकच्या वर, नवी उठवली. हात सरसर चालत होता. किती वर्षांत तिनं स्वतः ब्रश धरला नव्हता! रंगाचा वास, लाकडाचा भुसा, ओल्या सिमेंटचा गारवा, सगळं एकोणीस वर्षांच्या नाकानं आत येत होतं. आई, बघ गं, ती मनात म्हणत होती, बघ, सगळं हाताशी आहे. तुझ्या.

आवाजबाई ओट्यापाशी आली. आधी तिनं काही केलंच नाही, नुसता तळवा ओट्यावरून फिरवला. मग सुरी घेतली. पहिला काप जपून, कोपर अंगाशी धरून. कोपर कुठंच लागलं नाही. तिनं मागं वळून बघितलं, जणू कुणीतरी तिथं असायला हवं होतं आणि आज रजेवर आहे. दुसरा काप. तिसरा. आणि मग सुरी अशी काही सुटली की बटाट्याचे तुकडे पातेल्यात पडताना सुद्धा एका सुरात पडायला लागले. ती मध्येच शेगडी बारीक करत होती, न बघता डबा काढत होती, न बघता जागेवर ठेवत होती, पायानं ड्रॉवर ढकलत होती. बोलायला लागली, तेही कुणाला सांगायची गरज न पडता. "ए, पाय काढ गजावरनं. पेन्सिल खाऊन पोट भरणारेय का? आणि ह्यांना उठवा, संध्याकाळचं कसलं लोळणं?" नवरा खरंच उठला. उठून बसल्यावर आपण का उठलो असं त्याच्या चेहऱ्यावर आलं. कॅमेरामन खिडकीच्या नव्या बाजूला उभा होता. बाई आता अंग चोरून वळलेली नव्हती, म्हणून उजेड तिच्या पाठीवर न पडता तोंडावर पडत होता. लाइट उतरवावे लागणार म्हणून तक्रार करायला त्यानं तोंड उघडलं होतं, ते उघडंच राहिलं. डायरेक्टर दारात होता. तो आत गेला. बाईला आता सांगून टाकावं, की उद्या तुम्हीच, असं काहीतरी त्याच्या मनात होतं, घसा खाकरून तो ओट्याजवळ उभा राहिला. आवाजबाईनं वळूनसुद्धा न बघता मटारच्या शेंगांचं ताट त्याच्या हातात दिलं.

"उभाच आहेस तर सोल. किडके बाजूला काढ."

डायरेक्टरनं इकडं बघितलं, तिकडं बघितलं, आणि तिथंच फरशीवर मांडी घालून बसला.

भिंतबाई बाहेर आली आणि भिंतीच्या मागच्या बाजूला गेली, जिथं नुसतं कच्चं लाकूड, पाचरी, खिळे आणि खडूनं लिहिलेले आकडे होते. पाठ टेकून उभी राहिली. पलीकडून फोडणी ऐकू आली. भिंत गरम व्हायला लागली होती.

तेवढ्यात मॅनेजर फोन हातात घेऊन ओल्या पँटनं लगबगीनं आला. "साहेब, मोठ्या बाई लाइनवर आहेत. उद्या किती वाजता गाडी पाठवायची विचारतायत. काय सांगू?"

"त्यांना सांग, पुढच्या सिनेमात बघू," आतून डायरेक्टर म्हणाला. "आत्ता माझे हात गुंतलेत."

"साहेब, तुम्ही स्वतः बोललात तर…" म्हणत मॅनेजर उंबऱ्यातून आत पाय टाकायला गेला.

"अहो! पुसलेल्या फरशीवर बूट?" आवाजबाई कडाडली. "बाहेर काढा आधी."

मॅनेजर उंबऱ्यावर थबकला. त्यानं खाली बघितलं. घराला वर छप्पर नव्हतं, चौथी भिंत नव्हती, पाहिजे तिकडून आत जाता आलं असतं. त्यानं फोन कान आणि खांद्यामध्ये धरला, एका पायावर तोल सावरला, आणि तिकडून मोठ्या बाई "हॅलो, हॅलो" करत असताना बुटाची नाडी सोडायला लागला.